‘प्यारे मोहन’ आणि आम्ही दोघं

(वरळी इथे झालेल्या युवा मेळाव्यातल्या भाषणाचं लिखित रूप)



वक्ते सुरुवातीला विचारतात, मागच्या रांगेपर्यंत आवाज पोचतोय का? मी विचारणार नाही. तुम्ही "नाही" म्हणालात तरी ते मला ऐकू येणार नाही. माझ्या दोन्ही कानांना मशीन आहे. शेवटी काही विचारायचं असेल तर पुढे या, तोंडासमोरचा हात काढा आणि एका वेळी एकानेच बोला. तिसरी अट आपल्या सभांमध्ये पाळली जात नाही हे मला माहीत आहे, तरी सांगून ठेवतो.

मी भाषणं करणारा माणूस नाही, कोड लिहिणारा आहे. आयोजकांनी सांगितलं की विनोदावर बोला, एखादा सिनेमा घेऊन बोला. मी ‘प्यारे मोहन’ म्हटल्यावर ते जरा थांबले. तो काही महान सिनेमा नाही. इंद्र कुमार यांनी २००६ साली काढलेला, फरदीन खान आणि विवेक ओबेरॉय यांचा विनोदी सिनेमा. दोन जिवलग मित्र, एक अंध आणि एक बहिरा. खुनाचा आळ त्यांच्यावर येतो आणि मग पळापळ. त्याच वर्षी दीपक तिजोरींचा ‘टॉम, डिक अँड हॅरी’ आला. त्यात तीन मित्र, एक अंध, एक बहिरा, एक मुका, आणि तिघांचं प्रेम एकाच मुलीवर. ज्यांनी देवेंद्र पेम यांचं ‘ऑल द बेस्ट’ हे मराठी नाटक पाहिलंय त्यांना ही मांडणी लगेच ओळखू येईल. ते नाटक १९९३ सालचं. आधी एकांकिका होती, मग व्यावसायिक रंगभूमीवर आलं आणि भरत जाधव, अंकुश चौधरी, संजय नार्वेकर ही नावं घराघरांत पोचली. २००६ मध्येच ‘गोलमाल’ही आला. त्यातही एक मुका मित्र आहे आणि घरमालक आजी-आजोबा अंध आहेत. म्हणजे एका वर्षात तीन हिंदी विनोदी सिनेमे, आणि तिन्हींत हशा न दिसण्यावर, न ऐकू येण्यावर, नाहीतर न बोलता येण्यावर.

त्या वर्षी मी सोळा वर्षांचा होतो. ‘प्यारे मोहन’ आम्ही सात-आठ मित्रांनी थिएटरात पाहिला. मला संवाद निम्मेच कळले. पार्श्वसंगीत वाजायला लागलं की माझं मशीन सगळ्याचा लगदा करून टाकतं. पण आजूबाजूचे हसले की मीही हसायचो, अर्धा सेकंद उशिरा, आणि सगळ्यांपेक्षा मोठ्याने. विषय बहिऱ्या माणसाचा होता ना! मी हसलो नसतो तर सगळ्यांच्या नजरा माझ्याकडे वळल्या असत्या. इंजिनिअरिंगला गेलो तोवर माझं नाव ‘म्यूट’ पडलं होतं. खरं तर म्यूट म्हणजे मुका, आणि मी बोलायचो भरपूर. पण टोपणनावाला व्याकरण नसतं.

केस कानावर येतील इतके वाढवायचे, वर्गात मशीनची बाजू भिंतीकडे ठेवायची, कुणी हाक मारली आणि ऐकू आली नाही तर मोबाइलमध्ये गुंग असल्याचं दाखवायचं, ही माझी तेव्हाची युक्ती. ‘ऑल द बेस्ट’मध्ये ते तिघं त्या मुलीसमोर नेमकं हेच करतात. आपापलं व्यंग लपवतात आणि लपवता लपवता घोटाळे होतात. सगळा हशा त्या घोटाळ्यांचा.

लपवणं आपल्याला तसं नवीन नाही. मुंबईत घर भाड्याने शोधताना फोनवर आपलं नाव किती उशिरा सांगायचं, याचा अभ्यास इथल्या बऱ्याच जणांचा झालेला असेल. एजंट "हां हां, फ्लॅट आहे" म्हणेपर्यंत आपण फक्त ‘मी बोलतोय’ असतो. त्यामुळे त्या नाटकातली धडपड आपल्याला लांबची वाटायला नको.

माझ्या लपवण्याचा एक किस्सा सांगतो. घरी स्थळ आलं होतं. फुफूने आदल्या दिवशी फर्मान काढलं, उद्या मशीन काढून बसायचं. अम्मी गप्प राहिली, अब्बांनी पेपर वर धरला. मी मशीन खिशात ठेवून बसलो. मुलीचे वडील प्रेमळ गृहस्थ, पण त्यांना भरघोस मिशी. आता ओठ वाचण्याबद्दल एक गोष्ट ध्यानात घ्या. सिनेमातला बहिरा माणूस रस्त्याच्या पलीकडून ओठ वाचून अख्खी वाक्यं सांगतो. प्रत्यक्षात अर्ध्याहून जास्त अंदाज असतो. ‘पापा’, ‘बाबा’ आणि ‘मामा’ हे तीन शब्द आरशात आवाज न काढता म्हणून बघा. ओठ अगदी सारखे हलतात. त्यात मिशी आली की संपलंच. त्यांनी मला विचारलं, "भाऊ किती?" मला दिसलं, "भाडं किती?" आम्ही तेव्हा भाड्याने राहत होतो. मी अदबीने सांगितलं, "अकरा हजार."

खोलीत काय शांतता पसरली, ते मला मशीनशिवायही ऐकू आलं.

ते स्थळ गेलं. किस्सा मात्र आमच्या खानदानात अजून सांगतात. बरीच वर्षं कुणी तो सांगायला लागलं की मी उठून गॅलरीत जायचो. आता मीच सांगतो, आणि मला स्वतःला हसू येतं. किस्सा तोच, मग फरक कुठे पडला? माझ्या चुलतभावांच्या आवृत्तीत गंमत माझ्या कानाची असते. माझ्या आवृत्तीत गंमत फुफूच्या फर्मानाची, अब्बांच्या पेपरची, खिशातल्या मशीनची आणि त्या मिशीची असते. मशीन कानाला असतं तर विनोद झालाच नसता. तो आम्ही सगळ्यांनी मिळून घडवून आणला होता. विनोद शरीराचा करायचा की त्या शरीराला लपायला लावणाऱ्या माणसांचा, हे दोन वेगळे सिनेमे आहेत. ते मला माझ्या एका मित्रामुळे समजलं.

हा मित्र जन्मापासून अंध. लालबागच्या चाळीतला, शाळा इथेच वरळीत, डॉ. अ‍ॅनी बेझंट रोडवरची हॅपी होम अंधशाळा. माझ्या कंपनीत तो टेस्टर म्हणून आला. त्याच्या संगणकात स्क्रीन रीडर असतो, पडद्यावरचं सगळं बोलून दाखवणारा. पहिल्याच आठवड्यात त्याने माझ्या कामातली चूक नोंदवली. मी बनवलेल्या पानावर अकरा बटणं होती, सगळी चित्रांची. त्यांना कोडमध्ये नाव द्यायचं असतं, ते मी दिलं नव्हतं. त्यामुळे स्क्रीन रीडर त्याला फक्त "बटण, बटण, बटण" असं सांगत होता. त्याने लिहिलं होतं : ‘या पानावर अकरा भावंडं आहेत आणि सगळ्यांचं नाव बटण आहे. तुमच्या घरी हीच पद्धत आहे का?’ मी तणतणत त्याच्या टेबलापाशी गेलो. तो काहीतरी बोलला, मला कळलं नाही. मी म्हटलं, मला ऐकू कमी येतं, तोंड माझ्याकडे कर. तो म्हणाला, "तुझं तोंड कुठे आहे ते आधी सांग."

तेव्हापासून आमची जोडी आहे. अ‍ॅनी बेझंट रोड ओलांडताना मी बघतो, तो ऐकतो. मागून येणारी मोटरसायकल मला कळत नाही, त्याला कळते. उघडं गटार त्याला कळत नाही, मला दिसतं. जेवताना मी त्याला घड्याळाप्रमाणे ताट सांगतो : बोटी सहा वाजता, लिंबू दोन वाजता, रायता बारावर. ही अंधांना शिकवली जाणारी नेहमीची रीत आहे.

एकदा तो माझ्यासोबत हाजी अलीला आला. भरती उतरल्यावर आम्ही त्या वाटेवरून निघालो. कुणीतरी "हाफिजजी" म्हणून त्याच्या हातात दहाची नोट ठेवली. आपल्याकडे अंध माणूस दिसला की तो हाफिज, हे ठरलेलंच. तो मंगळवारी आईबरोबर सिद्धिविनायकला जातो. तिथे त्याला "सूरदास" म्हणून वीस रुपये मिळाले होते. परतताना म्हणाला, "भाई, तुमच्याकडे दर निम्मा आहे." त्याचा पगार माझ्यापेक्षा जास्त आहे. सरकारी ‘दिव्यांग’ शब्दावरही त्याचं म्हणणं आहे की त्यातलं दिव्य काय ते त्याला अजून दिसलेलं नाही.

तर एका पावसाळी रविवारी आम्ही ठरवलं की ‘प्यारे मोहन’ एकत्र बघायचा. आम्हाला मिळालेल्या प्रतीला सबटायटल नव्हतं. बहिऱ्या माणसाची गोष्ट, आणि मला ती वाचता येत नव्हती. अंध माणसाची गोष्ट, आणि पडद्यावर काय चाललंय ते सांगणारा आवाज त्यात नव्हता. मग तो प्रत्येक संवाद माझ्याकडे तोंड करून सावकाश म्हणणार, आणि मी त्याला दृश्य सांगणार. दर दोन मिनिटांनी थांबवावं लागत होतं. संपूर्ण दुपार त्यात गेली, मध्ये दोनदा चहा झाला.

आम्ही पोट दुखेपर्यंत हसलो, पण सिनेमाला नाही. अंध पात्राचा अभिनय मी वर्णन करून सांगितला, तेव्हा तो म्हणाला, "असा कोण चालतो?" हिंदी सिनेमातले अंध काळा चष्मा लावून आभाळाकडे बघतात आणि प्रेमात पडले की समोरच्याचा चेहरा हाताने चाचपतात. तो म्हणाला, "मी आजवर कुणाच्या तोंडावरून हात फिरवलेला नाही. नोकरी जाईल." एखादा प्रसंग मी सांगून संपवायचो आणि तो विचारायचा, "मग यात हसायचं कुठे?" आणि मला उत्तर देता यायचं नाही. कारण हसायचं असायचं ते त्याच्या न दिसण्याला, आणि तेच त्याला समजावून सांगायचं म्हणजे कसं सांगणार? जे विनोद सांगितल्यावर टिकले, ते दोघांच्या गैरसमजाचे, एकाने दुसऱ्यासाठी केलेल्या चुकीच्या भाषांतराचे. तसं आमचं रोज होतं.

सोळाव्या वर्षी थिएटरात मी कुणाच्या बाजूने बसलो होतो, ते मला त्या दुपारी कळलं. तो सिनेमा माझ्याबद्दल होता, पण माझ्यासाठी नव्हता. दोघांचं काय चुकतंय हे एकाच वेळी दिसणाऱ्या आणि ऐकू येणाऱ्या तिसऱ्या माणसासाठी तो बनला होता. मी त्या तिसऱ्याचा वेश घेऊन बसलो होतो.

हे टाळता येतं. अंध-बहिऱ्या मित्रांवर खुनाचा संशय ही कल्पना १९८९ च्या ‘सी नो इव्हिल, हिअर नो इव्हिल’ या अमेरिकी सिनेमात आधी येऊन गेलेली आहे. त्यात जीन वाइल्डर बहिरा आणि रिचर्ड प्रायर अंध. वाइल्डरने पटकथा वाचून आधी नकार दिला होता. अंध आणि बहिऱ्या माणसांचा त्यात अपमान आहे असं त्याचं मत होतं. पटकथा नव्याने लिहू देणार असाल तर करतो, म्हणाला. मग न्यूयॉर्कमधल्या ऐकू कमी येणाऱ्यांच्या संस्थेत जाऊन तो ओठ वाचायला शिकला. तिथे शिकवणाऱ्या कॅरन वेब यांच्याशी पुढे त्याचं लग्न झालं, हे जाता जाता. त्या सिनेमात एक मारामारी आहे. बहिरा मित्र अंध मित्राला घड्याळाचे आकडे सांगतो आणि तो बरोबर तिकडे ठोसा मारतो. हे ऐकून माझा मित्र खुर्चीतून उठला. "बोटी सहा वाजता!" म्हणाला. तो सिनेमाही निर्दोष नाही, बरेच पांचट विनोद आहेत त्यात. पण ही एक गोष्ट कुणीतरी जाऊन विचारून आणलेली होती, आणि ती आमच्यापर्यंत पोचली.

‘प्यारे मोहन’ आपल्याकडे लागला तो एप्रिल २००६. त्याच महिन्यात ऑस्ट्रेलियात मायकेल करन नावाच्या अंध तरुणाने एक स्क्रीन रीडर लिहायला घेतला. तेव्हा असे प्रोग्रॅम इतके महाग होते की बहुतेक अंध माणसांना परवडत नसत. त्याला जेम्स टेह हा दुसरा अंध प्रोग्रॅमर येऊन मिळाला. दोघं लहानपणी अंध मुलांच्या संगीत शिबिरात भेटलेले मित्र. त्यांनी तो प्रोग्रॅम जगाला फुकट दिला. एनव्हीडीए त्याचं नाव, आणि माझ्या मित्राच्या संगणकावर "बटण, बटण" म्हणाला तो हाच. दोन अंध दोस्तांची ही गोष्ट पडद्यावरच्या पळापळीपेक्षा मला जास्त सिनेमासारखी वाटते. दोघांचं भांडण होत असेल, एकमेकांच्या कोडला नावं ठेवत असतील, त्यात विनोदही भरपूर असणार.

आता कायद्याचं थोडं. २०२३ मध्ये ‘आंख मिचोली’ हा विनोदी सिनेमा आला. त्याच्या जाहिरातीत विसराळू बापाला ‘भुलक्कड बाप’, बहिऱ्या-मुक्या पात्राला ‘साउंडप्रूफ सिस्टिम’ आणि अडखळत बोलणाऱ्याला ‘अटकी हुई कॅसेट’ म्हटलं होतं. ‘साउंडप्रूफ सिस्टिम’ म्हणजे आमच्या ‘म्यूट’चा सख्खा भाऊच. स्वतः व्हीलचेअर वापरणारे निपुण मल्होत्रा कोर्टात गेले. ८ जुलै २०२४ ला सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला. सिनेमात काटछाट करायला सांगितलं नाही, आणि ते मला योग्य वाटतं. कात्री एकदा हातात दिली की ती कुठे कुठे चालते, हे आपण बघतोच. पण न्यायालयाने एक भेद नोंदवला : अपंगत्व समजून घ्यायला मदत करणारा विनोद वेगळा आणि अपंग माणसाला खाली दाखवणारा विनोद वेगळा. त्यांच्याबद्दल काही बनवायचं तर त्यांना सोबत घेऊन बनवा, असंही सांगितलं.

सोबत घेतल्याची उदाहरणं आता आहेत. २०१४ च्या मराठी ‘यलो’मध्ये डाउन सिंड्रोम असलेल्या गौरी गाडगीळने स्वतःचीच भूमिका केली. २०२५ च्या ‘सितारे जमीन पर’मध्ये बौद्धिक अपंगत्व किंवा ऑटिझम असलेले दहा कलाकार आहेत आणि विनोद करणारेही तेच आहेत. हसवतात ते, फजिती होते आमिर खानची. अंध माणसाची भूमिका अंध नटाने केलेला विनोदी हिंदी सिनेमा बघायला मी अजून थांबलोय.

मला मात्र पडद्यापेक्षा खुर्चीची काळजी जास्त आहे. ‘पठाण’च्या वेळी, जानेवारी २०२३ मध्ये, काही अपंग प्रेक्षक दिल्ली उच्च न्यायालयात गेले. ओटीटीवर येताना हिंदी सबटायटल आणि दृश्यांचं ध्वनिवर्णन द्या, असा आदेश निघाला. मार्च २०२४ मध्ये माहिती व प्रसारण मंत्रालयाने थिएटरांसाठीही मार्गदर्शक सूचना काढल्या. कागद आहेत. पण मी तिकीट काढून मराठी सिनेमाला बसतो तेव्हा खाली इंग्रजी सबटायटल असतं. चांगलं आहे, मी वाचतो. पण मराठी किंवा उर्दू माध्यमातून शिकलेल्या, ऐकू न येणाऱ्या मुलीने काय वाचायचं? सिनेमा तिच्या भाषेत, अक्षरं परक्या भाषेत. आणि नाटकाला तर तेही नाही.

मशीन घातलं की झालं, असं काही जणांना वाटतं. माझी श्रवण-तपासणी लहानपणी वांद्रे रेक्लेमेशनच्या अली यावर जंग संस्थेत झाली. १९८३ सालची संस्था आहे, १९७१ ते ७६ महाराष्ट्राचे राज्यपाल असलेल्या अली यावर जंग यांच्या नावाने. इथून जवळच, वरळी सी फेसला नॅशनल असोसिएशन फॉर द ब्लाइंडचं कार्यालय आहे, १९५२ पासूनची संस्था. त्या रस्त्याला सरहद्द गांधींचं, खान अब्दुल गफार खान यांचं नाव आहे. ही दोन्ही नावं आपण अभिमानाने घेतो. पण आपल्या किती सभांमध्ये पडद्यावर अक्षरं असतात? आज आहेत का? नाहीत. मी वक्ता आहे म्हणून मला त्रास नाही. श्रोता असतो तर हा दीड तास मी पुन्हा ‘प्यारे मोहन’ बघत बसलो असतो, शेजारचा हसला की हसत.

म्हणून आम्ही दोघांनी एक छोटं काम सुरू केलंय. कॉलेजच्या एका एकांकिकेची मुलं तयार झाली आहेत. त्यांच्या प्रयोगात मंचाशेजारी पडद्यावर मराठी संवाद दिसतील, नटाच्या तोंडून वाक्य निघेल तेव्हाच. आणि अंध प्रेक्षकांसाठी कानात हलक्या आवाजात कुणीतरी सांगेल की कोण आत आलं, कोणी कुणाकडे बघितलं. पडद्याचं सॉफ्टवेअर माझं. कानातल्या आवाजाची परीक्षा मित्र घेणार आहे आणि तो फार कडक मास्तर आहे. पहिल्या तालमीत एका मुलीने वर्णन केलं, "तो दुःखी चेहऱ्याने बसला." हा म्हणाला, "दुःखी आहे की नाही ते मी ठरवीन, तू सांग तो कशावर बसला."

अडचण एकच आहे. नट ऐन वेळी वाक्य बदलतात, आणि तयार अक्षरं मागे पडतात. तिथे मराठी वेगाने टाइप करणारी दोन माणसं हवीत. पुढचे तीन शनिवार संध्याकाळी तालीम आहे. पैसे नाहीत, वडापाव आहे. ज्यांना जमेल त्यांनी आत्ता हात वर करा. नुसतं "हो" म्हणू नका, मला ऐकू येणार नाही.